आधी झोळीत बघा



जेवणं उरकली असतील. भांडी पडली असतील तर पडू द्या, पंधरा मिनिटं आमच्यापाशी बसा. आज आम्ही एक गोष्ट सांगणार आहोत. ती तुम्हाला येते. तुमच्या आईला येत होती, आजीलाही येत होती. पण ती किती लांब फिरून आलीय हे आम्हाला यंदाच कळलं, आणि कळल्यापासून तुम्हाला सांगावंसं वाटतंय.

झालं असं. उन्हाळ्यात आम्ही चौघी जुन्या गोष्टी गोळा करायला रेकॉर्डर घेऊन गावोगाव फिरत होतो. एका दुपारी एका ओसरीवर तीन बाया शेंगा फोडत बसल्या होत्या. एक घरच्या आजी, दुसऱ्या त्यांच्या जाऊबाई आणि तिसऱ्या शेजारच्या तांड्यावरच्या मावशी. आम्ही म्हटलं, ‘आजी, एखादी गोष्ट सांगा.’ आजींनी सुपातला हात न थांबवता सुरुवात केली.

एक बाई होती. तिला एक तान्हं लेकरू होतं आणि घरात पाळलेलं एक मुंगूस होतं. मुंगसाला तिनं लेकरासारखंच दूध पाजून वाढवलं होतं. एके दिवशी बाळाला झोळीत निजवून ती पाण्याला गेली. मागे घरात नाग शिरला आणि झोळीकडे सरकला. मुंगसानं त्याला धरला. दोघांची झुंज झाली आणि मुंगसानं नागाचे तुकडे तुकडे केले. मग मालकिणीला कधी एकदा दाखवतो असं होऊन ते दारात येऊन बसलं. तोंड रक्तानं माखलेलं. बाई डोक्यावर घागर घेऊन आली. तिनं रक्त बघितलं आणि तिच्या मनात एकच आलं, ह्यानं माझं लेकरू खाल्लं. तिनं भरली घागर त्याच्यावर घातली. मुंगूस जागच्या जागी मेलं. आत जाऊन बघते तर बाळ झोळीत हातपाय हलवतंय आणि खाली सापाचे तुकडे पडलेत.

गोष्ट संपली तशा जाऊबाई म्हणाल्या, ‘आक्का, बाईनं न्हाई मारलं. नवऱ्यानं मारलं. बाई तर नदीला गेलती.’

आजी म्हणाल्या, ‘माझ्या आईनं अशीच सांगितली.’

‘आन् माझ्या आईनं तशी सांगितली.’

तांड्यावरच्या मावशी हसायला लागल्या. म्हणाल्या, ‘ते मुंगूस नव्हतंच मुळी. कुत्रं होतं.’ आणि त्यांनी त्यांची गोष्ट सांगितली. एका लमाण्यानं अडचणीपायी आपलं कुत्रं सावकाराकडे गहाण ठेवलं. सावकाराच्या घरी चोरी झाली. चोरांनी माल कुठे लपवला ते कुत्र्यानं दाखवलं. सावकार खूश झाला. कर्ज फिटलं अशी चिठ्ठी त्यानं कुत्र्याच्या गळ्यात बांधली आणि त्याला मोकळं केलं. कुत्रं मालकाकडे धावत सुटलं. मालकानं लांबून बघितलं आणि त्याला वाटलं, हे पळून आलं, ह्यानं माझा शब्द घालवला. रागाच्या भरात त्यानं काठी घातली. कुत्रं मेल्यावर गळ्यातली चिठ्ठी दिसली.

तिघींनी आमच्याकडे बघितलं. ‘तुमी शिकलेल्या हाय. सांगा बरं, खरी कुठली?’

आम्हाला सांगता आलं नाही. म्हणून आम्ही शोधायला लागलो.

तर मैत्रिणींनो, गोष्टींचंही एक शास्त्र आहे. आपल्याकडे जमिनीला गट नंबर असतो. मालक बदलला, पीक बदललं, बांधावरचं झाड गेलं, तरी गट नंबरवरून रान ओळखता येतं. तसे जगभरच्या लोककथांनाही अभ्यासकांनी नंबर दिले आहेत. हे काम फिनलंड देशातल्या आन्ती आर्ने यांनी सुरू केलं. १९१० साली त्यांनी पहिली यादी छापली. पुढे अमेरिकेतल्या स्टिथ थॉम्पसन यांनी ती १९२८ आणि १९६१ साली वाढवली, आणि २००४ साली जर्मनीतल्या हान्स-यॉर्ग उथर यांनी ती पुन्हा नीट केली. गोष्टीतला राजा, गाव, प्राणी, कपडेलत्ते बाजूला ठेवायचे. मग जो सांगाडा उरतो त्याला नंबर द्यायचा. एका देशातली गोष्ट आणि हजारो कोसांवरच्या देशातली गोष्ट, दोन्हींची जगं वेगळी, देव वेगळे, पण नंबर एक निघतो, म्हणजे गोष्ट एक.

आपल्या मुंगसाच्या गोष्टीचा नंबर आहे १७८ ए. आणि तांड्यावरच्या मावशींची गहाण ठेवलेल्या कुत्र्याची गोष्ट? १७८ बी. एकाच गटाचे दोन पोटहिस्से म्हणा ना.

ही गोष्ट आपल्या पंचतंत्रात आहे. पंचतंत्र दीड हजार वर्षांहून जुनं. त्याचे पाच भाग आहेत आणि आपली गोष्ट पाचव्या भागात येते. त्या भागाचं नाव आहे ‘अपरीक्षितकारक’. म्हणजे काय, तर तपासून न बघता करून टाकणारा. नावातच सगळं आलं.

आता आजी आणि जाऊबाईंचं भांडण बघू. हितोपदेश नावाच्या जुन्या ग्रंथात गोष्ट अशी आहे. ब्राह्मणाची बायको बाळाला नवऱ्यावर सोपवून अंघोळीला जाते. तेवढ्यात राजाकडून श्राद्धाचं बोलावणं येतं. उशीर केला तर दक्षिणा दुसराच कुणी घेऊन जाईल, म्हणून ब्राह्मण मुंगसाला राखणीला ठेवून जातो. परत आल्यावर रक्त बघून मुंगसाला मारतो तो नवराच. म्हणजे जाऊबाई खऱ्या.

पण ११९९ साली पूर्णभद्र नावाच्या जैन मुनींनी पंचतंत्र नव्यानं लिहिलं. त्यात बायको पाण्याला जाते आणि जाताना नवऱ्याला बजावते की बाळाकडे लक्ष ठेवा. नवरा तिच्यामागे भिक्षेला निघून जातो. ती परत येते, मुंगसाचं तोंड बघते आणि पाण्याचं भांडं त्याच्यावर घालते. म्हणजे आजीही खऱ्या. पण आजींच्या गोष्टीत नसलेलं एक इथं आहे. नवरा घरी येतो तेव्हा ती त्याला जाब विचारते. तुम्ही लोभापायी घर सोडून गेलात, माझं ऐकलं नाहीत, त्याचं हे फळ, असं त्याला सुनावते.

आम्ही हे परत जाऊन ओसरीवर सांगितलं. आजी जरा वेळ गप्प बसल्या. मग म्हणाल्या, ‘म्हंजे गोष्टीत नवरा व्हता. मधीच कुठं गेला त्यो?’

सगळ्या हसल्या. पण प्रश्न खरा आहे. एवढ्या तोंडांतून फिरता फिरता आजींपर्यंत पोचलेल्या गोष्टीतून नवरा निघून गेला होता आणि एकटी बाई घागर घेऊन उरली होती. मग ऐकणारा सहज म्हणून जातो, बायकांना धीरच नसतो. घराला कुणी एकटं टाकलं होतं हे कुणी विचारतच नाही. आपल्याही घरात बाळ पडलं, आजारी पडलं, तर पहिला प्रश्न कुणाला विचारतात? ‘तू कुठं होतीस?’

आता गोष्ट देशाबाहेर कशी गेली ते ऐका. सहाव्या शतकात इराणच्या बादशहाच्या दरबारातल्या बुर्झोय नावाच्या वैद्यानं पंचतंत्र तिथल्या पहलवी भाषेत नेलं. आठव्या शतकात इब्न अल-मुकफ्फा यांनी ते अरबीत आणलं. अरबी पुस्तकाचं नाव ‘कलीला व दिम्ना’. हे दोघं म्हणजे आपल्याच पंचतंत्रातले करटक आणि दमनक, दोन कोल्हे. अरबीतून ते हिब्रूत गेलं, आणि हिब्रूतून तेराव्या शतकात युरोपातल्या लॅटिन भाषेत. १८५९ साली थिओडोर बेनफे या जर्मन पंडितांनी पंचतंत्राचं भाषांतर छापलं आणि आपल्या गोष्टी कुठल्या वाटांनी कुठवर गेल्या याचा माग काढला.

पुस्तकाच्या वाटेनं गेली तशी गोष्ट तोंडोतोंडीही फिरली. नव्या मुलखात मुंगूस नाही, मग मुंगसाचं कुत्रं झालं. साप राहिला, नाहीतर त्याचा लांडगा झाला.

फ्रान्स देशातलं उदाहरण ऐकून आम्ही चौघी थक्क झालो. तेराव्या शतकात एतिएन द बुर्बों नावाचे एक धर्मगुरू लियों शहराच्या उत्तरेकडच्या खेड्यांत फिरत होते. लोकांच्या श्रद्धा तपासायच्या आणि चुकीच्या वाटल्या तर मोडून काढायच्या, हे त्यांचं काम. तिथल्या बाया त्यांना सांगायला लागल्या की आम्ही लेकरं घेऊन संत गिनफोरकडे जातो. आता हे संत कोण म्हणून चौकशी केली, तर निघालं कुत्रं!

तिथल्या एका गढीच्या मालकाचं हे कुत्रं. मालक, मालकीण, दाई, कुणीच बाळाजवळ नसताना मोठा साप पाळण्याशी आला. कुत्र्यानं त्याला मारलं. झटापटीत पाळणा उलटला, सगळीकडे रक्त झालं. दाईनं बघितलं आणि किंकाळी फोडली. आईनं बघितलं, तीही ओरडली. मालक आला आणि त्यानं तलवारीनं कुत्र्याला मारलं. मग पाळणा उचलून बघतात तर बाळ शांत झोपलेलं. त्यांनी कुत्र्याला विहिरीत ठेवून वर दगड रचले आणि भोवती झाडं लावली. पुढे गढी पडली, पण आसपासच्या खेड्यांतले लोक त्या झाडांपाशी येत राहिले. कुत्र्यानं लेकरू वाचवलं होतं, म्हणून बाया आपली आजारी, अशक्त लेकरं तिथं आणायच्या. तिथल्या काही रीती तान्ह्या बाळाच्या जिवाला धोक्याच्या होत्या, त्या चांगल्या होत्या असं आम्ही म्हणणार नाही. पण डॉक्टर नाही, दवाखाना नाही, अशा काळात लेकरासाठी जीव टाकणाऱ्या कुणाकडे तरी त्या जात होत्या.

त्या धर्मगुरूंनी कुत्र्याची हाडं उकरून काढली, झाडं तोडली, सगळं एकत्र जाळलं. पुन्हा कुणी इथं आलं तर त्याची चीजवस्तू जप्त होईल अशी ताकीद दिली. बायांनी काय केलं? येत राहिल्या. एकोणिसाव्या शतकातही त्या जागी लोक लेकरांसाठी येत होते, अशी नोंद आहे. म्हणजे सहाशे वर्षं त्या खेड्यांनी एका निरपराध कुत्र्याची आठवण सांभाळली.

इंग्लंडच्या शेजारी वेल्स म्हणून मुलूख आहे. तिथं बेडगेलर्ट नावाचं गाव आहे. गावाच्या नावाचा अर्थ लोक ‘गेलर्टची समाधी’ असा सांगतात. गेलर्ट हे लिवेलिन राजाचं कुत्रं. तिथल्या गोष्टीत साप नाही, लांडगा आहे. बाकी सगळं तेच: उलटलेला पाळणा, रक्तानं माखलेलं तोंड, राजाची तलवार आणि पाळण्याखाली सुखरूप बाळ. तिथं दाखवतात ती समाधी अठराव्या शतकाच्या शेवटी गावातल्या खाणावळवाल्यानं पाहुणे यावेत म्हणून रचली, असं मानतात. आपल्याकडे नाही का, यात्रा भरली की दुकानं येतात!

आणि इतक्या लांब कशाला? आपल्या विदर्भाला लागून छत्तीसगड आहे. तिथं बालोद जिल्ह्यात खपरी गावी कुकुरदेवाचं देऊळ आहे. कुकुर म्हणजे कुत्रा. त्या देवळाची गोष्ट काय सांगतात माहिती आहे? बंजारा, सावकार, गहाण ठेवलेलं कुत्रं आणि गळ्यातली चिठ्ठी. तांड्यावरच्या मावशींना हे सांगितलं तेव्हा त्यांनी कपाळाला हात लावून नमस्कार केला.

आता सगळं जोडून बघू. प्राणी बदलला. मारणारा कुठे बाई, कुठे ब्राह्मण, कुठे राजा, कुठे लमाणी. हत्यार कुठे घागर, कुठे तलवार, कुठे काठी. न बदललेली गोष्ट एकच. रक्त दिसलं आणि आत जाऊन कुणी बघितलं नाही. झोळी चार पावलांवर होती. चिठ्ठी गळ्यातच होती. बघायला किती वेळ लागला असता?

आम्हाला वाटतं, इतक्या मुलखांनी ही गोष्ट जपली ती मुंगसासाठी नाही. माणसं सगळीकडे हीच चूक करतात, म्हणून जपली.

आम्हीही केली. आमच्यातल्या दोघी ज्या बचत गटात आहेत, तिथं एकदा हिशेबात १,२०० रुपये कमी भरले. त्या महिन्यात पैसे बँकेत भरायला कोषाध्यक्ष एकटीच गेली होती. तिच्या घरी त्याच आठवड्यात नवीन मिक्सर आला होता. झालं! रक्त दिसलं आम्हाला. बैठक बोलावली, तिला मध्ये बसवलं. कुणी सरळ चोर म्हणालं नाही, पण म्हणायचं काही शिल्लकही ठेवलं नाही. ती रडली नाही. नुसती वहीकडे बघत राहिली. पंधरा दिवसांनी सीआरपी ताई आल्या, त्यांनी वही आणि पासबुक शेजारी शेजारी ठेवून एकेक ओळ लावली. गटात एकाच नावाच्या दोघी आहेत. एकीच्या कर्जाचा हप्ता दुसरीच्या पानावर बचत म्हणून चढला होता, आणि त्या गोंधळात बेरीज चुकली होती. पैसे बँकेत होते. मिक्सर तिच्या भावानं दिला होता.

वही त्या दिवशी आमच्या समोरच होती. आम्ही ती उघडली नाही. आम्ही तिची माफी मागितली, तिनं केलीही. पण तिनं कोषाध्यक्षपद सोडलं, आणि बैठकीत ती आता दाराजवळ बसते. मुंगूस परत येत नाही, मैत्रिणींनो.

आमच्या हातून एक मन दुखावलं. कधी कधी जीव जातात. १ जुलै २०१८ ची गोष्ट तुम्हाला आठवत असेल. धुळे जिल्ह्यातल्या साक्री तालुक्यातलं राईनपाडा. बाजाराचा दिवस. मंगळवेढ्याकडून आलेले नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच जण. गावोगाव फिरून भिक्षा मागायची आणि पोट भरायचं, हा त्यांचा पिढ्यान्‌पिढ्यांचा व्यवसाय. त्या दिवसांत मोबाईलवर मजकूर फिरत होता की मुलं पळवणारी टोळी आलीय. जमावानं त्या पाचही जणांना ठार मारलं. टोळीची ती अफवा होती.

त्या जमावातल्या प्रत्येकाला वाटत असेल की आपण लेकरं वाचवतोय. घागर टाकणाऱ्या बाईलाही तसंच वाटलं होतं. लेकरावरच्या मायेपोटीच ही चूक होते, म्हणून तर ती इतक्या सहज होते. आणि लेकराचं नाव घेतलं की आपण बाया सगळ्यांत आधी पेटतो. म्हणून सगळ्यांत आधी थांबायचंही आपणच शिकायला हवं.

तेव्हा असा मजकूर मोबाईलवर आला, तर पुढे पाठवू नका. तीन प्रश्न विचारा. कुणाचं लेकरू? कुठल्या गावचं? कुणी डोळ्यांनी बघितलं? उत्तर मिळालं नाही तर मजकूर तिथंच पुसून टाका. गावात अनोळखी माणसाला कुणी घेरलं असेल तर ११२ नंबरला फोन करा. लेकरू खरंच अडचणीत असेल तर १०९८ हा नंबर आहे. दोन्ही फुकट लागतात. गटात पैशावरून संशय आला, तर माणसाला मध्ये बसवण्याआधी वही आणि पासबुक मध्ये ठेवा. आणि घरात सुनेबद्दल, जावेबद्दल काही कानावर आलं, तर आधी तिलाच विचारा.

जाता जाता शेवटचं. परवा आम्ही पुन्हा त्या ओसरीवर गेलो. आजी नातवंडांना तीच गोष्ट सांगत होत्या, पण आता वेगळी सांगत होत्या. नवरा गोष्टीत परत आला होता. ‘लेकराकडं बघा’ असं त्याला सांगूनच बाई पाण्याला गेली, आणि तो मागच्या मागे बाजाराला निघून गेला. पुढे नाग आला, झुंज झाली, बाई डोक्यावर घागर घेऊन दारात आली, मुंगसाचं लाल तोंड तिला दिसलं. इथं आजी थांबल्या. शेंगा फोडत बसल्या. पोरांना विचारलं, ‘आता तिनं काय करावं?’

पोरं उभीच राहिली. सगळी एकदम ओरडली, ‘आत जा! आधी झोळीत बघ!’

आजी म्हणाल्या, ‘तिला ऐकू न्हाई गेलं. तुमी ध्यानात ठिवा.’

तुमच्या घरी ही गोष्ट कशी सांगतात ते आम्हाला कळवा. मुंगूस असो, कुत्रं असो, नाहीतर तिसरंच काही असो. मारणारं कोण, घर सोडून गेलेलं कोण, तेही सांगा. पुढच्या वेळी तुमच्याच आवाजात ऐकू.